मदत हवी आहे: अवर मीटरवरून यूटीव्ही अंदाजे किती किमी चालली असेल?

एक जुनी यूटीव्ही (शेतात, कच्च्या रस्त्यावर कामाला वापरतात ती छोटी चारचाकी) घ्यायचा विचार चाललाय, पेट्रोल इंजिन, सीव्हीटी (गिअर न बदलता बेल्टवर चालणारं ऑटोमॅटिक ट्रान्समिशन) बेल्टवाली. अवर मीटर (इंजिन किती तास चाललं ते मोजणारा) ६४० तास दाखवतंय पण डिस्प्ले मध्यंतरी बदललाय त्यामुळे ओडोमीटरचा आकडा धरण्यात अर्थ नाही. अवर मीटर वेगळा बसवलेला आहे, इंजिन चालू असेल तेव्हाच फिरतो, नुसती चावी ऑन केली तर नाही, हे बघितलंय.

तास गुणिले सरासरी वेग हे कळतं हो, पण ताशी १० धरला तर ६,४०० किमी आणि २० धरला तर थेट १२,८००, एवढ्या फरकात निर्णय कसा घ्यायचा? गाडी शेतावर कुंपणाच्या कामाला होती, म्हणजे थांब-चल आणि आयडलिंग भरपूर, लांब रायडिंग जवळपास नाहीच. टायर आणि बेल्ट दोन्ही नवीन टाकलेत त्यामुळे झिजेवरून काही कळत नाही. सर्व्हिसची कागदपत्रं नाहीत. ईसीयू (इंजिनचा कंप्युटर) डायग्नोस्टिक टूलने वाचायची तयारी आहे.

ज्यांच्या गाडीत दोन्ही मीटर नीट चालू आहेत आणि वापर असाच कामाचा आहे, त्यांचे किमी भागिले तास किती येतात? आणि जुना किमीचा आकडा ईसीयूत सापडतो का, की तो डिस्प्लेसोबतच गेला?