चुना मागणारी यक्षी

मल्याळम गोष्टी म्हणजे संस्कारकथा, मुलं ऐकता ऐकता शांत झोपायची, असं कुणीतरी म्हटलंय, पण ते मत निदान आमच्या घराला लागू नाही. माझी आई केरळातल्या पालक्काडची. डोंबिवलीत रात्री दिवे गेले की ती कोट्टारत्तिल शंकुण्णींची 'ऐतिह्यमाला' काढायची. मुळात ते मुलांचं पुस्तक नव्हेच. 'भाषापोषिणी' या मल्याळम नियतकालिकात छापून आलेल्या दंतकथा १९०९पासून आठ भागांत पुस्तकरूपात आल्या, पण केरळात पिढ्यान् पिढ्या ती मुलांना वाचून दाखवतात. त्यातली यक्षी, म्हणजे माणसं खाणारी हडळच, पांढऱ्या वस्त्रात वाटसरूला अडवून पानाला चुना मागते आणि सकाळी ताडाखाली उरतात फक्त केस अन् नखं!

मला मल्याळम लिपी येत नव्हती, त्यामुळे सगळा कारभार आईच्या आवाजावर. "चुण्णाम्बुण्डो?" म्हणजे "चुना आहे का?" हे ती इतकं हळू विचारायची की आम्ही भावंडं पांघरुणात. एकदा शेजारच्या आजींनी, नेमक्या पांढऱ्या लुगड्यात, दारात येऊन विचारलं, "बाळा, चुना आहे का रे थोडा?" मी कडी लावून मोरीत जाऊन बसलो. आजी नंतर कितीतरी दिवस आईला विचारत होत्या, पोराला झालंय काय म्हणून.