प्रतिसाद : हस्तिनापूरचा पूर आणि आपलं वडगाव

वर एका दादांनी लिहिलंय की हस्तिनापूरच्या उत्खननाने महाभारत सिद्ध झालं. मला हे पटत नाही.

पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांनी १९५० ते ५२ मध्ये हस्तिनापूर खोदलं. राखी रंगाच्या चित्रित खापरांची वस्ती गंगेच्या पुराने उद्ध्वस्त झाल्याचं त्यांना दिसलं. पुराणं सांगतात, पांडवांच्या वंशातल्या निचक्षू राजाच्या काळात गंगेने हस्तिनापूर वाहून नेलं आणि राजधानी कौशांबीला गेली. मेळ मोठा विलक्षण आहे, आणि लालांनी तो सगळ्यांसमोर मांडला याबद्दल मला त्यांच्याविषयी आदरच आहे. पण खापरावर पांडवांचं नाव नाही. पूर सापडला म्हणजे युद्ध सापडलं असं होत नाही. पुढे १९७५ पासून त्यांनी अयोध्या, शृंगवेरपूर वगैरे रामायणातली स्थळं घेतली. शृंगवेरपूरचा विटांचा तलाव हे पाणी खेळवण्याच्या कौशल्याचं अस्सल काम, रामकथा बाजूला ठेवली तरी.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे पुरातत्त्वज्ञ सांकलिया तर रामायणातली लंका मध्य भारतातच शोधत होते! एकाच ग्रंथातून दोन जाणकार इतके लांब जातात.

आपल्याकडे बघा. वडगाव-माधवपूरला सातवाहनकालीन नगर निघालं, ते बेळगावच्या अगदी कुशीत. बेळगावजवळच्या हलशीचे कदंब राजांचे ताम्रपट जैनांना दिलेल्या दानाबद्दल थेट बोलतात. असा लेख हाती असला की ग्रंथाशी ताडून बघता येतं. शाळेच्या सहली आधी तिथे न्या, मराठी शाळा असो की कन्नड.