जुने कॅम्पेन काढायचे आहेत, एकाला डिलीटच दिसत नाही – मदत हवी आहे

कोकणकडा
ऑनलाइन डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या (डी अँड डी) जुन्या कॅम्पेननी यादी भरून गेली आहे. अर्धवट सुटलेले, एका बैठकीत संपलेले, नुसते चाचणीसाठी उघडलेले, सगळे एकाखाली एक पडून आहेत. काही काढून टाकले. पण एकाला डिलीटचा पर्यायच दिसत नाही. दुसरं म्हणजे, जे काढले त्यांची जागा मोकळी झालेली नाही. नवा नकाशा चढवायला गेलो की जागा संपल्याचा निरोप येतो. रविवारी खेळ आहे, त्याआधी नकाशा चढायलाच हवा. ज्यांना नक्की माहीत आहे त्यांनी सांगा, शोधून झालं आहे.

टिपरी
ऑनलाइन खेळायच्या कुठल्या प्लॅटफॉर्मवर? रोल२०, डी अँड डी बियाँड, फाउंड्री, आउलबेअर? प्रत्येक ठिकाणी उत्तर वेगळं आहे.

मुळशीकर
फाउंड्री घ्या, प्रश्न मिटला. एकदाच ५० डॉलर द्यायचे, दरमहा वर्गणी नाही. तुमच्या संगणकावर वर्ल्ड्स नावाचं फोल्डर असतं, त्यात प्रत्येक कॅम्पेनचं वेगळं फोल्डर. नको झालं की झिप करून बाहेरच्या डिस्कवर टाका, हवं तेव्हा परत आणा. जागेची मर्यादा तुमच्या डिस्कची. खेळाडूंना काही विकत घ्यावं लागत नाही, ते ब्राउझरमधून येतात. मी २०२१ पासून तिथेच आहे आणि मागे वळून बघितलेलं नाही.

कोकणकडा
रोल२०, अजून कुठलं? मुळशीकर, फाउंड्री नको आहे. आहे तिथलंच सांगा.

प्रभातफेरी
नवीन सदस्य आहे. हा ऑनलाइन ल्युडोसारखा प्रकार आहे का? कॅम्पेन म्हणजे काय ते कोणी सांगेल का?

हेमाडपंती
कोकणकडा, थोडी माहिती द्या म्हणजे अंदाजाने बोलावं लागणार नाही. ज्याला डिलीट दिसत नाही तो खेळ तुम्ही स्वतः तयार केला होता, की कोणीतरी तुम्हाला नंतर जीएम (गेममास्टर, म्हणजे खेळ चालवणारा) केलं होतं? खातं फुकटचं आहे की वर्गणीचं? फोनवरून बघताय की संगणकावरून?

वाघनखी
खातंच बंद करून नव्या ईमेलवर दुसरं उघडा. सगळं एका फटक्यात साफ. मी एका चित्रकलेच्या साइटवर असंच केलं होतं.

टिपरी
वाघनखी, त्यांचं चालू कॅम्पेनही त्याच खात्यावर आहे. खातं बंद केलं तर रविवारी खेळणार काय? आणि रोल२०च्या मार्केटप्लेसवरून, म्हणजे दुकानातून, काही विकत घेतलेलं असेल तर तेही त्याच खात्याशी बांधलेलं असतं. हा सल्ला कृपया कोणी मनावर घेऊ नका.

कोकणकडा
संगणकावरूनच बघतोय. फुकटचं खातं. जीएम मीच आहे, सगळी साधनं दिसतात, नकाशे, टोकन (नकाशावर पात्रांसाठी ठेवायची छोटी चित्रं), जर्नल (खेळातल्या नोंदी) सगळं बदलता येतं. तरी डिलीट नाही.

हेमाडपंती
जीएम असणं आणि खेळ तयार करणारा असणं या रोल२०वर दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तयार करणारा कोणत्याही खेळाडूला जीएमपदाची बढती देऊ शकतो. बढती मिळालेल्याला खेळ चालवायचे जवळपास सगळे हक्क मिळतात, पण खेळ कायमचा काढून टाकायचा हक्क मूळ तयार करणाऱ्याकडेच राहतो. खेळाच्या माहितीच्या पानावर जाऊन बघा, तयार करणारा म्हणून कोणाचं नाव आहे?

कोकणकडा
मित्राचं आहे. सुरुवातीला त्याने उघडला होता, नंतर त्याला वेळ मिळेना म्हणून मी चालवायला घेतला. तो आता ऑनलाइन नसतोच. मग काय करायचं?

हेमाडपंती
मग तुम्हाला तो काढता येणार नाही. तुम्ही त्यातून बाहेर पडू शकता. बाहेर पडलात की तुमच्या यादीतून जाईल, मित्राच्या आणि बाकीच्यांच्या यादीत राहील. मात्र बाहेर पडलात की आतलं काहीच दिसणार नाही, त्यामुळे हवं ते आधी काढून घ्या.

आता जागेचं. इथे बहुतेक लोक अडकतात. फुकटच्या खात्याला १०० एमबी मिळतात आणि ते खेळांचे नसतात, तुमच्या अपलोडचे असतात. तुम्ही चढवलेलं प्रत्येक चित्र तुमच्या लायब्ररीत जमा होतं. खेळात ते फक्त वापरलं जातं. खेळ काढला तरी लायब्ररीतलं चित्र जागच्या जागी राहतं, म्हणून आकडा हलत नाही. मित्राच्या खेळात तुम्ही चढवलेले नकाशेही तुमच्याच १०० एमबीत मोजले जातात. मार्केटप्लेसवरून घेतलेली चित्रं यात धरत नाहीत.

मुळशीकर
१०० एमबीत कसलं कॅम्पेन चालवणार? एका मोठ्या किल्ल्याच्या नकाशात संपतात. म्हणून म्हणतोय, डेटा आपल्या घरात हवा.

टिपरी
मुळशीकर, घरात सर्व्हर ठेवायचा म्हणजे काय ते पण सांगा ना. इथल्या बऱ्याच ब्रॉडबँड जोडण्या सीजीनॅटच्या मागे असतात, म्हणजे अनेक ग्राहकांना मिळून इंटरनेटवर एकच पत्ता असतो. राउटरवर पोर्ट फॉरवर्ड केलं तरी बाहेरून कोणी आत येऊ शकत नाही. त्यात ऐन खेळात वीज गेली की सगळे बाहेर. आमच्याकडे पावसाळ्यात हेच होतं.

मुळशीकर
त्यावर उपाय आहेत. टनेल लावता येतो, आयपीव्ही६ वापरता येतं, नाहीतर क्लाउडवर एक छोटं मशीन घ्यायचं. एका शनिवारी दुपारी बसलं तर होतं.

टिपरी
तुमचं होतं. ज्याला लिनक्स येत नाही त्याचे अनेक शनिवार जातात. धागाकर्त्याला एक नकाशा चढवायचा आहे, त्याला सर्व्हर उभारायला कशाला लावताय?

कोकणकडा
हेच म्हणतोय. हेमाडपंती, लायब्ररीत गेलो. शेकडो फायली आहेत, अर्ध्यांची नावं नुसते आकडे. सरसकट उडवू का?

हेमाडपंती
थांबा, सरसकट नको. लायब्ररीतून काढलेलं चित्र ज्या ज्या खेळात वापरलं असेल त्या सगळ्या खेळांतून जातं. चालू कॅम्पेनमध्ये जुनीच गोब्लिनची, शिपायांची टोकनं वापरत असाल तर रविवारी रिकाम्या चौकटी दिसतील. आधी मोठे नकाशे धरा. टोकनं लहान असतात, त्यांनी फारशी जागा अडत नाही. जुन्या खेळातला जो नकाशा पुन्हा लागणार नाही, त्याची मूळ फाइल संगणकावर आहे का ते बघा आणि मग काढा.

टिपरी
यात माझी भर. रोल२०वर नकाशाचा एक चौकोन मुळात ७० पिक्सेलचा धरलेला असतो. ४० बाय ३० चौकोनांचा नकाशा असेल तर २८०० बाय २१०० पिक्सेल झाले. लोक छपाईसाठी बनवलेला प्रचंड मोठा पीएनजी तसाच चढवतात आणि पडद्यावर काडीचा फरक दिसत नाही. नकाशाला जेपीजी करा, टोकनला पीएनजी राहू द्या, कारण त्याची पार्श्वभूमी पारदर्शक लागते. माझा दहा-बारा एमबीचा पीएनजी अशा रीतीने दीड-दोन एमबीत बसला. चालू कॅम्पेनचे नकाशेही असेच हलके करता येतील, पण नवा नकाशा पानावर नीट बसवल्याशिवाय जुना काढू नका.

सदाफुली
कोकणकडा, तू देवगिरीवाल्या कॅम्पेनबद्दल बोलतोयस का? मित्राने सुरू केलेला आणि तू चालवलेला तोच ना? त्यात माझं पात्र आहे, वैदू. मला न विचारता तिथले नकाशे उडवू नकोस!

कोकणकडा
तोच. अगं पण तो बंद पडून किती काळ लोटला. कोणी उघडतही नाही.

सदाफुली
मी उघडते. लॉकडाउनमध्ये आपण दर रविवारी खेळायचो, तू पुण्यात, मी टोरंटोला, बाकीचे नाशिक आणि म्युनिकला. तुमचे संध्याकाळचे साडेसात म्हणजे उन्हाळ्यात माझे सकाळचे दहा. तेव्हा आठवडाभर दुसऱ्या कोणाशी मराठीत बोलणंही व्हायचं नाही. तटबंदीवरून वैदूने उडी मारली तेव्हा फाशावर पडलेला वीस आणि त्यावर सगळ्यांनी लिहिलेलं सगळं त्या चॅटमध्ये आहे.

वाघनखी
भावना समजू शकतो, पण कॅम्पेन डीएमचा, म्हणजे जीएमचाच, असतो. नकाशे त्याने बनवले, जागा त्याची अडते. ठेवायचं की नाही ते त्याने ठरवायचं. खेळाडूंना विचारत बसलं तर कधीच काही काढता येणार नाही.

टिपरी
मला हे पटत नाही. डीएमने जग उभं केलं, पण त्यात जे घडलं ते पाच जणांनी मिळून घडवलं. सदाफुलीचं कॅरेक्टर तिचं आहे. निदान आठवडाभर आधी सांगायचं, ज्याला जे हवं ते घेऊ दे, मग काढायचं. आमच्या गटात हाच नियम आहे.

वाघनखी
तुमच्या गटाचा नियम सगळ्यांवर कशाला? त्यांना रविवारी नकाशा लागणार आहे, आठवडा कुठून आणणार?

हेमाडपंती
दोघेही जरा थांबा. सदाफुलीची काळजी रास्त आहे, त्यामागचं तांत्रिक कारण सांगतो. डी अँड डी बियाँडवर कॅरेक्टर खेळाडूच्या खात्यात असतं, कॅम्पेन गेलं तरी शीट, म्हणजे पात्राच्या माहितीचं पान, राहतं. रोल२०वर शीट त्या खेळाच्या जर्नलमध्ये असतं. खेळ काढला की शीटही जातं आणि काढलेला खेळ परत येईल असं धरून चालायचं नाही. शीट बाहेर नेण्यासाठी कॅरेक्टर व्हॉल्ट आहे, पण ती सोय वर्गणीशी जोडलेली आहे. फुकटच्या खात्यावर सरळ मार्ग एकच. शीट उघडा आणि लेव्हल, गुण, मंत्र, सामान सगळं दुसरीकडे उतरवून घ्या.

चॅट जपायचं असेल तर खेळाच्या पानावरून पूर्ण चॅट लॉग उघडतो. तो सगळा एका पानावर दाखवायचा पर्याय निवडा आणि ब्राउझरच्या प्रिंटमधून पीडीएफ करा. लॉग मोठा असेल तर पान उघडायला वेळ लागतो, मध्येच बंद करू नका.

आणि सदाफुली, कोकणकडा त्या खेळातून बाहेर पडले तरी खेळ तसाच राहील, कारण तो त्यांचा नाही. तुमची वैदू आणि चॅट कुठे जाणार नाही. फक्त त्यांनी लायब्ररीतून नकाशे काढले तर तिथली पानं ओकीबोकी दिसतील.

प्रभातफेरी
माझा प्रश्न राहिला.

टिपरी
हो, माफ करा. कॅम्पेन म्हणजे एकच गोष्ट अनेक बैठकांतून पुढे नेत राहणं. एक जण डीएम, तो जग आणि त्यातली माणसं चालवतो, बाकीचे एकेक पात्र घेतात आणि अवघड कामाचा निकाल फाशांवर लागतो. डंजन्स अँड ड्रॅगन्स १९७४ साली अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी आणलं, तिथून हे सगळं पसरलं. ल्युडोसारखं एकाने जिंकायचं नसतं. पाचव्या आवृत्तीचे मूळ नियम २०२३ पासून क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली फुकट मिळतात, ते डाउनलोड करून बघा.

प्रभातफेरी
वा, धन्यवाद. वीस बाजूंचे फासे पुण्यात कुठे मिळतात?

मुळशीकर
ऑनलाइन मागवा, सात फाशांचा संच मिळतो. हलका राळेचा घ्या. धातूचे दिसायला छान, पण काचेच्या टेबलाला टवके पाडतात.

कोकणकडा
फाशांसाठी वेगळा धागा काढा ना.

सगळ्यांसाठी खबर. टिपरी म्हणाली तसे चालू कॅम्पेनचे नकाशे जेपीजी करून पुन्हा बसवले आणि जुने पीएनजी काढले. एवढ्यानेच नवा नकाशा चढला, देवगिरीला हातही लावावा लागला नाही. माझ्या नावावरचे चाचणीचे खेळ आता डोळे मिटून काढतोय, त्यात दुसरं कोणी नव्हतंच.

सदाफुली, चॅटचा पीडीएफ करायला घेतला आहे, झाला की गटावर टाकतो. देवगिरीचे नकाशेही लायब्ररीत राहू देतो. पण यादीतून तो खेळ घालवायचा तर बाहेर पडावं लागेल, आणि मग जीएम कोणी उरत नाही. चालेल का?

सदाफुली
बाहेर पडू नकोस. त्याऐवजी आधी मला जीएम कर, मग खुशाल जा. बढती मिळालेला जीएम दुसऱ्याला बढती देऊ शकतो का, हेमाडपंती?

हेमाडपंती
त्यांच्याकडे जीएमची साधनं आहेत, खेळाच्या पानावर तुमच्या नावापाशी तो पर्याय दिसतोय का ते त्यांनी आत्ताच बघावं. दिसला तर काम झालं. नाही दिसला तर मित्राला एक फोन करा. त्याने एकदा लॉगइन करून तुम्हाला जीएम केलं की पुरे, त्याला बाकी काही करावं लागणार नाही. आणि पीडीएफ झाला की उघडून शेवटच्या पानापर्यंत बघा, मोठ्या लॉगचा मधला भाग कधीकधी छापायचा राहतो.

कोकणकडा
पर्याय दिसत नाही. मित्राला फोन करतो, त्याच्याकडे आत्ता रात्र आहे, उद्या सकाळी. सदाफुली, तोपर्यंत मी आतच आहे.