टी-रेक्स नाही, राजासॉरस
सातपुड्यात नीट शोधलं तर टी-रेक्स या डायनासोरची हाडं सापडतील, असं एकाने लिहिलंय. टी-रेक्स नाही सापडणार, तो उत्तर अमेरिकेतला. साधारण त्याच काळात आपल्याकडे वेगळ्याच घराण्यातला शिकारी होता, राजासॉरस नर्मदेन्सिस. गुजरातेत बालासिनोरजवळच्या रहिओलीत त्याची हाडं निघाली, नामकरण झालं २००३ मध्ये. डोक्यावर एकच ठेंगणं शिंग, आणि नातं मादागास्करच्या माजुंगासॉरसशी. मला तर हाच जास्त जवळचा वाटतो.

खानदेशातली खरी अडचण दगडाची आहे. ती हाडं लमेटा थरांतली, म्हणजे डायनासोरच्या काळातल्या गाळाच्या खडकांतली, आणि हे थर दख्खनच्या लाव्हाखाली असतात. रहिओली, जबलपूर किंवा चंद्रपूर जिल्ह्यातलं पिसदुरा इथे ते उघडे पडलेत. आपण मात्र बेसाल्टच्या, म्हणजे थिजलेल्या लाव्हाच्या काळ्या दगडाच्या, जाड थरांवर बसलोय. धुळे-नंदुरबारकडे माळरानातून सरळ रेषेत गेलेल्या काळ्या दगडी भिंती दिसतात ना, तो भेगांत शिरून थिजलेला लाव्हा. जवळ जाऊन बघा, आडवे खांब ओंडके रचल्यासारखे असतात. त्यात हाडं शोधून उपयोग नाही. नजर ठेवायचीच तर विहिरी खणताना दोन लाव्हाथरांच्या मधे लागणाऱ्या गाळाच्या पट्ट्यावर ठेवा.