लॉबी सुरळीत, मॅचही सापडते, पण लोडिंगच्या पुढे गेम जातच नाही

नऊचीमॅच

नमस्कार. पाच विरुद्ध पाच असा नेमबाजीचा ऑनलाइन गेम मी विंडोज ११ वर खेळते. आमची पाच जणींची ठरलेली टीम आहे आणि मॅचमध्ये कॉल मी देते, म्हणजे कुणी कुठे जायचं ते मी सांगते. गेल्या काही आठवड्यांपासून मला मॅचमध्ये शिरताच येत नाहीये.

होतं असं. गेम उघडतो, लॉगिन होतं, मैत्रिणी ऑनलाइन दिसतात, लॉबीतलं, म्हणजे मॅचआधी जमायच्या पानावरचं, लेखी चॅट चालतं. मॅच शोधायला लावली की नेहमीच्या वेळात सापडते. स्वीकारते, नकाशाचं चित्र येतं, लोडिंगची पट्टी भरते आणि तिथेच थांबते. बाकीच्या नऊ जणांच्या नावापुढे 'तयार' दिसतं, माझ्यापुढे गोल फिरत राहतो. मग 'सर्व्हरशी संपर्क होऊ शकला नाही' असा संदेश येऊन मी परत लॉबीत. 'पुन्हा सामील व्हा' दाबलं तरी तेच. तोवर चौघी एक माणूस कमी घेऊन खेळतात आणि मॅच सोडल्याचा दंड मला बसतो. दंडाचं जाऊ दे, पण दिवसभराची कामं आवरून त्या चौघी नऊ वाजता येऊन बसतात, आणि त्यांची मॅच माझ्यापायी वाया जाते हे मला फार लागतं.

जे करून झालंय ते लिहिते, म्हणजे पुन्हा तेच सुचवायला नको. स्टीममधून फाइल्सची पडताळणी केली. ग्राफिक्स ड्रायव्हर नवा टाकला. गेम पूर्ण काढून पुन्हा बसवला. वायफाय सोडून केबलने जोडून पाहिलं. स्पीड टेस्टला वेग उत्तम येतो, व्हिडिओ न अडखळता चालतात. सरावाचा नकाशा, जो माझ्याच कॉम्प्युटरवर चालतो, तो झटकन लोड होतो.

दोन गोष्टी मात्र विचित्र आहेत. फोनच्या हॉटस्पॉटवर मॅच लोड होते. आणि रात्री खूप उशिरा घरच्या नेटवरही कधीकधी होते. राउटर अलीकडेच बदललाय. टीमशी बोलायला आम्ही वेगळं व्हॉइस अ‍ॅप वापरतो, त्यातही माझा आवाज मधूनमधून तुटतो असं सगळ्या म्हणतात. त्याचा याच्याशी संबंध आहे की नाही ते कळत नाही.

हिरवीखिडकी

डीएनएस बदलून बघा. राउटरमध्ये गेमचे पोर्ट फॉरवर्ड करा, म्हणजे बाहेरून येणारं थेट तुमच्या कॉम्प्युटरकडे वळेल. आणि विंडोजच्या फायरवॉलमध्ये गेमला परवानगी आहे का तेही बघा. माझ्याकडे असंच व्हायचं, व्हीपीएन (सगळं नेट दुसऱ्या सर्व्हरमार्गे नेणारी सेवा) लावल्यावर चाललं. तेव्हापासून मी व्हीपीएन लावूनच खेळतो.

तारजोड

नेटवर्क दुरुस्तीचं काम मी रोज करतो. तुम्ही लक्षणं इतकी नीट लिहिली आहेत की निम्मा शोध इथेच झालाय.

आधी एक समजून घ्या, कारण ते कळलं की बाकीचं आपोआप उलगडतं. गेमचं एकच कनेक्शन नसतं. लॉगिन, मित्रयादी, दुकान, मॅच शोधणं हे सगळं टीसीपीवर, म्हणजे वेबसाइट ज्या रस्त्याने उघडते त्याच रस्त्याने चालतं. मॅच सापडली की लॉबीचा सर्व्हर तुमच्या गेमला सांगतो, आता या पत्त्यावर, या पोर्टवर जा. तिथून पुढचा सगळा खेळ यूडीपीवर होतो. टीसीपीमध्ये हरवलेलं पॅकेट, म्हणजे डेटाचा छोटा तुकडा, पुन्हा मागवलं जातं आणि ते येईपर्यंत मागची सगळी खोळंबतात. यूडीपी कुणासाठी थांबत नाही. खेळात शत्रू अर्ध्या सेकंदापूर्वी कुठे होता हे उशिरा कळून उपयोग नसतो, म्हणून यूडीपी. लॉबी धडधाकट आणि मॅच बंद, याचा पहिला अर्थ असा की टीसीपी जातंय आणि यूडीपी कुठेतरी अडतंय.

हे इतरत्र का जाणवत नाही? कारण बाकीची अ‍ॅप्स गुपचूप पर्यायी वाट धरतात. ब्राउझरला एचटीटीपी ३ (वेब पानं आणायची नवी पद्धत) साठी यूडीपी मिळालं नाही तर तो टीसीपीवर परततो आणि पान उघडतंच. बरीच व्हिडिओ कॉलची अ‍ॅप्सही तसंच करतात. चित्र जरा खराब होतं, पण कॉल चालू राहतो. गेमकडे ती सोय बहुतेक वेळा नसते. म्हणून नेट चांगलं आहे आणि फक्त गेमच बिघडलाय असं वाटतं. स्पीड टेस्टही सहसा टीसीपीवरच होते, तेव्हा तिचा आकडा इथे काहीच सिद्ध करत नाही.

आता हॉटस्पॉट. तोच कॉम्प्युटर, तोच गेम, तेच खातं, आणि मॅच लोड होते. म्हणजे ड्रायव्हर, फाइल्स, अँटीचीट (फसवेगिरी रोखणारा प्रोग्रॅम), खात्यावरची बंदी हे सगळं बाद. गेम पुन्हा बसवण्यात यापुढे एक मिनिटही घालवू नका. फायरवॉलवरचा संशयही बराच कमी होतो. विंडोजचं फायरवॉल मूळ सेटिंगमध्ये बाहेर जाणारं काही अडवत नाही, आणि बाहेर गेलेल्याचं उत्तर परत आत येऊ देतं.

वर सुचवलेल्या बाकी उपायांबद्दल. डीएनएसचं काम नावावरून पत्ता शोधून देणं. मॅच सर्व्हरचा पत्ता बहुधा लॉबीच आकड्यांत देते, तेव्हा लॉबी उघडत असेल तर डीएनएस बदलून फरक पडण्याची आशा फार कमी. पोर्ट फॉरवर्ड लागतं ते खेळाडूंपैकीच एखाद्याचा कॉम्प्युटर यजमान होतो अशा गेमला. तुमचा गेम कंपनीच्या सर्व्हरवर चालतो. तुम्ही बाहेर पॅकेट पाठवलं की राउटर उत्तरासाठी वाट स्वतःच उघडी ठेवतो. व्हीपीएन मात्र चाचणी म्हणून चांगला आहे. टीसीपीवरून जाणारा व्हीपीएन लावला तर गेमचं यूडीपी त्याच्या पोटात लपून जातं. तेव्हा मॅच लोड झाली तर दोष यूडीपीच्या वाटेवर आहे हे पक्कं. ओपनव्हीपीएनमध्ये टीसीपी निवडता येतं, वायरगार्ड फक्त यूडीपीवरच चालतो, म्हणून चाचणीला कोणता वापरला यावर निकाल ठरतो. पण रोजच्या खेळाला ही वाट लांबची. पिंग, म्हणजे उत्तर यायला लागणारा वेळ, वाढतं आणि मूळ दोष तसाच राहतो.

तुमच्या प्रश्नातला सगळ्यात महत्त्वाचा धागा मला आवाज तुटण्याचा वाटतो. व्हॉइस अ‍ॅपही यूडीपीच वापरतं. गेम आणि आवाज ही एकाच दुखण्याची दोन टोकं दिसताहेत. आणि 'रात्री उशिरा कधीकधी होतं' हे त्याहून बोलकं आहे. कायमचा अडथळा असता तर रात्रीही झालं नसतं. संध्याकाळी असं काय असतं जे मध्यरात्री नसतं? घरात त्या वेळी आणखी कोण नेट वापरतं, कशासाठी?

एवढं सांगा, आणि एक छोटी तपासणी करा. मॅच लोडिंगवर अडकलेली असताना ऑल्ट-टॅबने बाहेर या, विंडोजचा रिसोर्स मॉनिटर उघडा, नेटवर्कच्या पानावर गेमची ओळ शोधा. 'सेंड' आणि 'रिसीव्ह' या दोन रकान्यांत काय दिसतं ते लिहा.

अर्धवटतिकीट

मलाही हाच त्रास! पट्टी भरते आणि अडकते. पण माझ्याकडे हॉटस्पॉटवरही तेच होतं. आणि अडकलं की सगळा कॉम्प्युटरच जड होतो, माऊससुद्धा उड्या मारतो. गेम जुन्या हार्ड डिस्कवर आहे, रॅम ८ जीबी. एका व्हिडिओत सांगितलं म्हणून पेजिंग फाइल (रॅम कमी पडली की विंडोज डिस्कवरची जी जागा वापरतं ती) बंद केली होती, तिचा संबंध असेल का?

तारजोड

दिसायला सारखं, पण तुमचं दुखणं वेगळं आहे. हॉटस्पॉटवरही होतंय म्हणजे नेट नाही, कॉम्प्युटर. पेजिंग फाइल आधी पुन्हा चालू करा आणि तिचा आकार विंडोजला ठरवू द्या. नकाशा लोड होताना मेमरीची मागणी एकदम चढते. ८ जीबीमध्ये ती मावली नाही आणि डिस्कवर जागाही नाही, तर गेम अडतो किंवा बंद पडतो. मग टास्क मॅनेजरमध्ये लोडिंगच्या वेळी डिस्क १०० टक्क्यांवर चिकटते का ते बघा. चिकटत असेल तर गेम एसएसडीवर हलवा. सर्व्हर ठरावीक वेळच थांबतो. तुमचा नकाशा त्यानंतर तयार झाला तर त्याच्या लेखी तुम्ही आलाच नाहीत.

नऊचीमॅच

तारजोड, इतकं सविस्तर लिहिलंत, मनापासून आभार. काल मॅच अडकली तेव्हा बघितलं. सेंडमध्ये आकडे हलत होते, रिसीव्हमध्ये शून्य. मधेच थोडंसं काहीतरी आलं, की पुन्हा शून्य.

घरात संध्याकाळी भावाची ऑफिसची मीटिंग व्हिडिओवर असते, कॅमेरा चालू ठेवून. त्याच वेळी आई तिच्या गाण्याच्या क्लासला बसते, तोही व्हिडिओवर. दोन्ही साडेदहापर्यंत आटोपतं. पण आमच्या लाइनचा वेग दोन्हींना पुरून उरेल इतका आहे, मी मोजलाय.

तारजोड

पॅकेट जाताहेत आणि उत्तर येत नाही, हे आता नक्की झालं. लाइनचा वेग पुरेसा आहे हेही मला मान्य. म्हणून संशय गर्दीवर नाही, नव्या राउटरवर आहे.

बऱ्याच घरगुती राउटरमध्ये डॉस प्रोटेक्शन नावाचा भाग असतो आणि त्यात 'यूडीपी फ्लड' अशी एक ओळ असते. कुणी पॅकेटचा पूर सोडून नेट ठप्प करू नये, हा तिचा हेतू. पण राउटरला पूर आणि कॉल यांतला फरक कळत नाही, तो फक्त सेकंदाला किती पॅकेट आली ते मोजतो. जरा हिशोब करू. व्हिडिओ कॉल सेकंदाला २.५ मेगाबिटचा आणि पॅकेट साधारण १२०० बाइटचं धरलं, तर सेकंदाला सुमारे २६० पॅकेट होतात. आवाजाची साधारण ५० वेगळी. हे एका दिशेचं. दुसऱ्या बाजूचं चित्र येतं त्याचं तितकंच आणखी. असे दोन कॉल चालू असताना तुमचं व्हॉइस अ‍ॅप आणि वर गेम. १२८ टिकचा, म्हणजे सेकंदाला १२८ वेळा खेळाची स्थिती ताजी करणारा, सर्व्हर असेल तर तो एकटाच सेकंदाला १२८ पॅकेट पाठवतो. मर्यादा काहीशेवर ठेवलेली असेल तर ती सहज ओलांडली जाते. मग काही राउटर जास्तीची पॅकेट टाकून देतात, काही त्या यंत्राचं यूडीपीच थोडा वेळ बंद करतात. मेगाबिटमध्ये बघितलं तर हे सगळं किरकोळ दिसतं, म्हणून स्पीड टेस्टमध्ये सापडत नाही.

हॉटस्पॉटवर हा राउटर मधे नसतो. मध्यरात्री कॉल नसतात. तुमची दोन्ही कोडी यात बसतात.

राउटरच्या पानावर जा, सिस्टिम लॉग उघडा आणि मॅच अडकली त्या वेळेच्या नोंदी बघा. यूडीपी फ्लडची नोंद असेल तर चोर सापडला. तिथे काहीच नसेल तर पुढचा संशय एमटीयूचा, म्हणजे एका पॅकेटच्या जास्तीत जास्त आकाराचा. त्यासाठी कमांड प्रॉम्प्टमध्ये पिंग या कमांडला डॅश एफ आणि डॅश एल १४७२ लावून एखाद्या ओळखीच्या साइटला पॅकेट पाठवा. डॅश एफ म्हणजे पॅकेटचे तुकडे करू नका. १४७२ मध्ये २८ बाइटचं हेडर मिळवलं की १५०० होतात. उत्तर आलं तर एमटीयू ठीक. नाही आलं तर १४६४ करून पाहा. पीपीपीओई लाइनवर (नाव-पासवर्ड देऊन जोडली जाणारी ब्रॉडबँड लाइन) १४९२ पर्यंतच जातं, त्यामुळे तिथे तेवढं बरोबरच.

हिरवीखिडकी

म्हणजे मी इतके दिवस उगाच व्हीपीएनचे पैसे भरतोय की काय! आज लॉग बघतोच. एक शंका: हे संरक्षण बंद केलं तर बाहेरून कुणी घुसणार नाही ना?

तारजोड

नाही. न बोलावता आलेलं पॅकेट आत न सोडणं हे राउटरच्या फायरवॉलचं आणि नॅटचं (घरातल्या सगळ्या यंत्रांना बाहेर एकच पत्ता वापरू देणारी सोय) काम आहे, ते वेगळं आणि ते चालूच राहतं. तुम्ही फक्त मोजणीची मर्यादा बदलताय. तरीही पूर्ण बंद करण्याऐवजी यूडीपीचा आकडा वाढवून पाहणं मला जास्त पटतं. टीसीपी आणि आयसीएमपी (पिंग ज्यावर चालतं ते) यांच्या ओळींना हात लावू नका.

नऊचीमॅच

सापडलं! लॉगमध्ये ओळीने नोंदी होत्या, यूडीपी फ्लड, आणि पुढे माझ्या कॉम्प्युटरचा पत्ता. वेळा मॅच अडकल्याच्या वेळांशी तंतोतंत जुळतात. भावाच्या लॅपटॉपच्या नावानेही नोंदी आहेत. त्याची मीटिंग अधूनमधून गोठायची त्याचं कारणही हेच असणार. एमटीयू तपासलं, १४६४ ला उत्तर आलं, लाइन पीपीपीओईच आहे.

यूडीपीची मर्यादा वाढवून सेव्ह केली, राउटर पुन्हा सुरू केला. काल भावाची मीटिंग आणि आईचा क्लास दोन्ही चालू असताना नऊला बसलो आणि सगळ्या मॅच पहिल्या फटक्यात लोड झाल्या. आवाजही एकदा तुटला नाही. तुमचे उपकार कसे मानू कळत नाही, आमच्या टीमने पाचही जणींचा नमस्कार कळवायला सांगितलाय.

एकच विचारायचंय: ही मर्यादा पुन्हा आपोआप खाली येऊ शकते का?

तारजोड

फार बरं वाटलं वाचून. हो, येऊ शकते. राउटर फॅक्टरी रीसेट केला तर नक्की, आणि फर्मवेअर अपडेटनंतरही कधीकधी. नेट पुरवणाऱ्यांनी दुरूनच सेटिंग पाठवली तरी तसं होतं. म्हणून राउटरच्या पानावर बॅकअपचा पर्याय असेल तर आत्ताची सेटिंग एका फाइलमध्ये उतरवून ठेवा. मॅच पुन्हा अडकली तर गेमकडे न जाता थेट लॉग उघडा.