अनुभव धागा : वारी दारात येते तेव्हा

ज्येष्ठ वद्य सप्तमीला देहूहून तुकोबांची आणि अष्टमीला आळंदीहून ज्ञानोबांची पालखी निघते. चालणाऱ्यांचे अनुभव आपण पुष्कळ वाचतो. मला ऐकायचंय ते वाटेवरच्या घरांचं. तुमच्याकडे कोण उतरतं, काय रांधता, कोण लक्षात राहिलंय? सविस्तर लिहा.

माझं माहेर यवतचं. तुकोबांच्या पालखीच्या मुक्कामाला इथे पिठलं-भाकरी ठरलेली. भाकऱ्या घरोघरी थापायच्या आणि फडक्यात बांधून देवळात पोचवायच्या. आमच्या वाटच्या पन्नास. आजी थापायची, आई भाजायची, मी पीठ मळायचे. एका वर्षी आजोबा गेले आणि पालखी आली तेव्हा आम्ही सुतकात. चूल थंड, आजी गप्प. दुपारी शेजारच्या काकू अंगणातूनच म्हणाल्या, "आत्या, तुमच्या पन्नास आम्ही दोन घरांनी वाटून घेतल्यात." आजी तेव्हा पहिल्यांदा मोकळेपणी रडली. आजोबा गेले त्या दिवशीही ती इतकी रडली नव्हती.

सासवडहून :
दिवे घाट चढून माणसं आमच्याकडे येतात, दोन रात्री मुक्काम असतो. खायला घालणारे हात खूप आहेत, पण बायांना आंघोळीला आडोसा लागतो. म्हणून आम्ही पहाटे तीनपासून बंब पेटवतो आणि मोरी, संडास त्यांच्यासाठी मोकळे ठेवतो. घरातल्या पुरुषांनी तेवढा वेळ ओसरीच्या पुढे यायचं नाही, हा सासूबाईंचा नियम. मला तो फार मोलाचा वाटतो.

नीरेजवळून :
आमचं फक्त चहा-पाणी. पण वडील प्रत्येकाच्या पाया पडतात, अगदी शाळकरी पोराच्यासुद्धा.

पुणे, नाना पेठ :
परभणीकडची एकच दिंडी आजोबांपासून आमच्या दोन खोल्यांत उतरते. त्यातल्या एक आजी दरवर्षी स्वतःच्या शेतातली तूरडाळ आणायच्या. "नुसतं खाऊन जायचं व्हय?" म्हणायच्या. त्या थकल्यावर सून यायला लागली, तीच डाळ घेऊन. २०२० साली पायी वारी झाली नाही, पादुका एसटीने पंढरपूरला गेल्या. घर सुनं वाटत होतं. आषाढीच्या आधी एक टेम्पोवाला दारात पिशवी ठेवून गेला. डाळ होती. बारशीला उपास सोडताना तिचंच वरण केलं. आईने दोन पानं जास्तीची मांडली.