तरावाची लढाई (१९४३): बोटी खडकावर अडकल्या, त्यात भरतीचा दोष किती?

प्रश्न: अभ्यासू_वाचक

नमस्कार. दुसऱ्या महायुद्धात प्रशांत महासागरातील बेटांवर झालेल्या चढायांविषयी गेले काही महिने वाचत आहे. गिल्बर्ट द्वीपसमूहातील तरावा या प्रवाळबेटावर २० नोव्हेंबर १९४३ रोजी अमेरिकेच्या दुसऱ्या मरीन डिव्हिजनने (मरीन म्हणजे समुद्रातून किनाऱ्यावर उतरून लढणारे सैनिक) चढाई केली. लढाई खरी झाली ती त्यातील बेटिओ या एका चिमुकल्या बेटावर. सुमारे तीन किलोमीटर लांब आणि जास्तीत जास्त सात-आठशे मीटर रुंद अशा त्या पट्टीसाठी ७६ तासांत सुमारे एक हजार अमेरिकन मृत्युमुखी पडले आणि दोन हजारांहून अधिक जखमी झाले. बहुतेक ठिकाणी याचे कारण एका वाक्यात दिलेले असते: भरतीचा अंदाज चुकला, म्हणून बोटी बेटाभोवतीच्या पाण्याखालील प्रवाळ खडकावर अडकल्या आणि सैनिकांना पाण्यातून चालत जावे लागले. एवढ्या मोठ्या आरमाराला भरतीचे गणित कसे जमले नाही, हे मला समजत नाही. ही खरोखरच चूक होती, की जाणूनबुजून पत्करलेला धोका होता? शिवाय बेटावरील आठ इंची तोफा जपान्यांनी सिंगापूरहून आणल्या होत्या असेही वाचले. ते खरे आहे का? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

उत्तर १: हर्णैकर

आमच्या घरी मासेमारी आहे, म्हणून भरतीच्या भागापासून सुरुवात करतो. आपल्याकडे पौर्णिमा-अमावास्येला उधाण येते आणि अष्टमीच्या आसपास भांग असतो, हे किनाऱ्यावरच्या लहान मुलालाही ठाऊक असते. भांगाच्या दिवसांत भरती पुरती चढत नाही आणि ओहोटीही पुरती उतरत नाही. उधाणाला जी होडी खाडीच्या तोंडातून सरळ आत येते, तीच भांगाला बाहेर नांगरून ठेवावी लागते आणि माणसे लहान होडीतून किनाऱ्याला येतात. २० नोव्हेंबर १९४३ हा दिवस आपल्या पंचांगाने कार्तिक वद्य अष्टमीच्या आसपासचा होता, म्हणजे ऐन भांगाचा.

चढाईची योजना करणाऱ्यांना भांग माहीत होता, त्यामुळे ‘गणित जमले नाही’ असे सरसकट म्हणता येणार नाही. सैनिकांना किनाऱ्यावर उतरवणाऱ्या हिगिन्स बोटीला सैनिकांसह साडेतीन ते चार फूट पाणी लागते आणि सकाळच्या भरतीला खडकावर सुमारे पाच फूट पाणी मिळेल, असा त्यांचा हिशेब होता. तरावावर अनेक वर्षे राहिलेले न्यूझीलंडचे मेजर फ्रँक हॉलंड यांनी मात्र भांगाला तेथे तीन फूटही पाणी राहणार नाही, असे स्पष्ट बजावले होते. तेथील रहिवाशांना बेभरवशाच्या भरतीचाही अनुभव होता. अशा दिवशी पाणी ठरल्या वेळी चढत नाही, थोडे वर येते आणि पुन्हा मागे जाते. डिव्हिजनचे प्रमुख जनरल ज्युलियन स्मिथ यांनी हा इशारा गांभीर्याने घेतला आणि बोटी खडक ओलांडतील की नाही याची शक्यता निम्मी-निम्मी धरली. तारीख मात्र त्यांच्या हातात नव्हती. पुढे मार्शल बेटांवरची मोहीम ठरलेली होती आणि सगळे वेळापत्रक तिच्याशी बांधलेले होते.

उरलेला खुलासा १९८७ मध्ये झाला. टेक्सासमधील खगोलशास्त्रज्ञ डोनाल्ड ओल्सन यांनी गणित मांडून दाखवले की त्या दिवशी अष्टमीचा चंद्र पृथ्वीपासून आपल्या कक्षेतील सर्वांत दूरच्या बिंदूजवळही होता. हे दोन योग एकत्र येणे १९४३ मध्ये फक्त दोनदा घडले, आणि त्यांपैकी एकदा नेमके चढाईच्या दिवशी. भांग आधीच कमजोर असतो आणि चंद्र लांब असल्यामुळे तो आणखी कमजोर झाला. पहिला संपूर्ण दिवस आणि दुसऱ्या दिवसाची सकाळ खडकावरचे पाणी जेमतेम हलले. भांगाचा धोका जाणूनबुजून पत्करला होता. तो एवढा मोठा असेल हे त्या वेळी कोणाच्याच हिशेबात नव्हते.

उत्तर २: तोफखाना

हर्णैकर यांचे विवेचन उत्तम आहे, परंतु सगळा भार चंद्रावर टाकणे मला मान्य नाही.

त्याआधी तोफांविषयी. त्या सिंगापूरहून आलेल्या नाहीत. ब्रिटनच्या व्हिकर्स कंपनीने रशिया-जपान युद्धाच्या काळात जपानला विकलेल्या तोफा त्या आहेत. तोफांवर ब्रिटिश कारखान्याची खूण दिसल्यामुळे ही दंतकथा पसरली असावी.

आता मूळ प्रश्न. पहिल्या तीन लाटा हिगिन्स बोटींतून गेल्याच नाहीत. त्या ‘ॲम्फट्रॅक’ म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या आणि खडकावर रणगाड्यासारख्या पट्ट्यांवर चालणाऱ्या वाहनांतून गेल्या आणि खडक ओलांडून नऊनंतरच्या काही मिनिटांत किनाऱ्याला लागल्या. अशी वाहने एकूण १२५ होती. ही वाहने मिळावीत म्हणून ज्युलियन स्मिथ यांचे वरिष्ठ मरीन जनरल हॉलंड स्मिथ यांनी नौदलाच्या वरिष्ठांशी अक्षरशः भांडण केले होते. ते भांडले नसते तर त्या सकाळी किनाऱ्यावर फारसे कोणी जिवंत पोहोचलेच नसते, असे माझे मत आहे. घात झाला तो चौथ्या लाटेपासून पुढे. त्या लाटा बोटींत होत्या आणि किनाऱ्यापासून पाचशे मीटर किंवा त्याहूनही दूर खडकावर थांबल्या. समोरचे पुढचे दार पडले की सैनिक छातीभर पाण्यात उतरत, बंदूक डोक्यावर धरत आणि मशीनगनच्या माऱ्यातून चालू लागत. पाण्यात पळता येत नाही आणि झोपताही येत नाही. आठव्या रेजिमेंटच्या पहिल्या बटालियनने तर सबंध रात्र बोटींमध्ये हेलकावे खात काढली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तीही याच पाण्यात उतरली.

आता प्रश्न असा की अडीच तासांच्या भडिमारानंतरही मशीनगन शिल्लक राहिल्या कशा? सुमारे तीन हजार टन दारूगोळा त्या पट्टीवर ओतला गेला होता. मात्र सपाट बेटावर युद्धनौकांचे गोळे सपाट रेषेत येतात. नारळाच्या ओंडक्यांचे, वर प्रवाळाची माती आणि वाळू रचलेले बंकर नेमका वरून गोळा पडल्याशिवाय फुटत नाहीत. धुळीमुळे निशाणही दिसत नव्हते. त्यातच ॲम्फट्रॅकना उशीर झाला आणि मारा थांबल्यापासून सैनिक पोहोचेपर्यंत मध्ये काही मिनिटांची पोकळी राहिली. जपान्यांनी भर दिला होता तो समुद्राकडील दक्षिण आणि पश्चिम किनाऱ्यावर, तर अमेरिकन आले खाजणाच्या, म्हणजे प्रवाळबेटाच्या आतल्या पाण्याच्या बाजूने, उत्तरेकडून. त्या पोकळीने त्यांना उत्तरेकडे सरकायला वेळ दिला. भरती पूर्ण चढली असती तरी या मशीनगन तेथेच असत्या.

प्रमुख नौका ‘मेरीलँड’ हिच्या रेडिओचीही अवस्था अशी होती की तिच्याच मोठ्या तोफा धडाडल्या की यंत्रणा बंद पडे. किनाऱ्यावरची सूत्रे कर्नल डेव्हिड शूप यांच्याकडे होती. लांब धक्क्याच्या आडोशाने पाण्यातून येताना ते पायाला जखमी झाले. त्यांनी आपले ठाणे एका जपानी बंकरच्या भिंतीला लागून मांडले, आणि त्या बंकरमध्ये अजून जिवंत जपानी सैनिक होते. बंकरच्या तोंडाशी पहारेकरी उभे करून, भिंतीला टेकून ते आदेश देत राहिले. सोबतचे रेडिओ भिजलेले, बटालियन विखुरलेल्या, आणि ओंडक्यांच्या भिंतीखाली वीस-तीस पावलांच्या वाळूच्या पट्टीवर शेकडो माणसे दबून बसलेली. त्या रात्री जपान्यांनी जोराचा प्रतिहल्ला केला असता तर काय झाले असते, याचा विचार मी आजही अनेकदा करतो. तो झाला नाही, कारण नौदलाच्या माऱ्याने त्यांच्या टेलिफोनच्या तारा तुटल्या होत्या आणि सेनापती रिअर ॲडमिरल केइजी शिबासाकी पहिल्याच दुपारी मारले गेले होते. आपला भक्कम बंकर जखमींसाठी मोकळा करून ते दुसरीकडे जात असताना उघड्यावर गोळ्यांच्या टप्प्यात सापडले, असे आता मानले जाते.

उत्तर ३: नकाशेवाला

दोघांनीही मरीनांविषयी लिहिले. बेटावर अडकलेल्या इतरांचाही उल्लेख व्हावा, असे मला मनापासून वाटते. बेटिओवर सुमारे ४,७०० माणसे होती, आणि त्यांतील बाराशेच्या आसपास बांधकामासाठी आणलेले कोरियन मजूर होते. लढाई संपली तेव्हा जपानी सैनिकांपैकी १७ आणि कोरियनांपैकी १२९ जण जिवंत हाती लागले. ज्यांचे हे युद्धच नव्हते असे सुमारे हजार मजूर त्या वाळूत मेले.

लढाई आवश्यक होती का, यावर हॉलंड स्मिथ यांनी पुढे उघडपणे लिहिले की तरावा वगळून पुढे जायला हवे होते. प्रशांत महासागरातील अमेरिकन आरमाराचे प्रमुख ॲडमिरल निमित्झ यांचा मुद्दा वेगळा होता: मार्शल बेटांची छायाचित्रे घेण्यासाठी आणि तेथे बाँबफेक करण्यासाठी बेटिओची धावपट्टी हवी होती. मला निमित्झ यांचे म्हणणे अधिक पटते. याचे कारण मात्र धावपट्टी नाही. जानेवारी-फेब्रुवारी १९४४ मध्ये मार्शल बेटांतील क्वाजालेनवर झालेली चढाई पाहा. त्याआधी हवाई द्वीपसमूहातील काहोओलावे बेटावर तरावासारखेच बंकर बांधून युद्धनौकांना नेमाचा सराव दिला गेला, पाण्याखालचे अडथळे मोजणारी आणि उडवणारी पथके उभी राहिली, चिलखती ॲम्फट्रॅक वाढले. क्वाजालेनवरची अमेरिकन हानी तरावाच्या तुलनेत बरीच कमी झाली. हे सर्व बेटिओच्या खडकावर शिकून झाले.

अभ्यासू_वाचक

तिघांचेही मनःपूर्वक आभार. एक शंका उरते. मेजर फ्रँक हॉलंड यांचा इशारा बाजूला ठेवला तरी, खडकावरची खोली मोजणे शक्य नव्हते का?

हर्णैकर

प्रयत्न झाला होता. ‘नॉटिलस’ पाणबुडीने पेरिस्कोपमधून किनाऱ्याची छायाचित्रे घेतली, विमानांतूनही घेतली. हवाई छायाचित्रांत पाण्यावर बांधलेली शौचालये मोजून त्यांनी शिबंदीचा जो आकडा काढला, तो प्रत्यक्ष संख्येच्या अगदी जवळ आला. पाण्याची खोली मात्र छायाचित्रात दिसत नाही, आणि हाती असलेले नकाशे अमेरिकन नौदलाचे विल्क्स यांच्या १८४१ च्या शोधमोहिमेपर्यंत मागे जाणारे होते. ती मोजायला त्या खडकावर कोणीतरी रात्री उतरून काठी टेकवायला हवी होती. ते काम करणारी माणसे नौदलाने त्यानंतर तयार केली.